शहामृगाच्या कवचावरच्या रेघा

धुळे

प्रिय अविनाश,

तुझं पत्र मिळालं. काकूंचे गुडघे आता बरे आहेत हे वाचून फार बरं वाटलं. पण शेवटच्या पानावर तू जे लिहिलंस, की कला म्हणजे पोट भरल्यानंतरचा उद्योग आणि उत्क्रांतीच्या हिशेबात तिला जागा नाही, ते मला मुळीच पटलेलं नाही. विषय फोनवर उरकण्यासारखा नाही, म्हणून सविस्तर लिहितोय.

हिशेबाचंच बोलायचं तर आपला मेंदू शरीराच्या वजनाच्या जेमतेम दोन टक्के, आणि बसल्याजागी लागणाऱ्या ऊर्जेतली साधारण वीस टक्के ऊर्जा तो एकटा खातो. इतका खर्चिक अवयव लाखो वर्षं पोसला गेला, वाढत गेला. त्याच्यातलं सगळ्यात ठळक काम, म्हणजे समोर नसलेलं डोळ्यापुढे आणणं, नुसती चैन असेल असं मानायला मी तयार नाही. संगीत म्हणजे मेंदूला चटक लावणारा चीजकेक, असं मानसशास्त्रज्ञ स्टीव्हन पिंकर यांनी १९९७ साली म्हटलं होतं. तुझं म्हणणं त्याच वळणाचं आहे. डार्विनने १८७१ मध्ये उलट बाजू मांडली: पक्ष्यांच्या गाण्यासारखं माणसाचं गाणंही जोडीदाराला रिझवण्यातून आलं असावं. त्यात तथ्य असेल, पण मला ते अपुरं वाटतं. मोराचा पिसारा मोरासोबत जातो. गाणं दुसऱ्याच्या गळ्यात उतरतं.

मला जे म्हणायचंय ते आपल्या खानदेशातल्याच एका वस्तूवरून सांगतो. चाळीसगावजवळचं पाटणं तुला पाटणादेवीमुळे माहीत आहे. तिथे १९७०च्या दशकात एस. ए. साळी यांनी उत्खनन केलं. दगडी हत्यारांसोबत त्यांना शहामृगाच्या अंड्याच्या कवचाचे मणी मिळाले, आणि कवचाचा एक कोरलेला तुकडा. समांतर रेघा आणि त्यांच्यामध्ये फुल्याफुल्यांची जाळी. वय साधारण पंचवीस हजार वर्षं. हो, आपल्याकडे शहामृग होते! हैदराबादच्या सीसीएमबी या जीवशास्त्र संशोधन संस्थेतल्या शास्त्रज्ञांनी २०१७ साली अशा जुन्या भारतीय कवचांमधून डीएनए काढून ते आफ्रिकेतल्या शहामृगाचेच नातलग असल्याचं दाखवलं. भारतात इतरही ठिकाणच्या कवचांवर कोरीवकाम असल्याचं आधी सांगितलं गेलं होतं. बारकाईने पाहिल्यावर त्यातल्या बहुतेक खुणा नैसर्गिक निघाल्या. पाटण्याचा तुकडा मात्र त्या तपासणीत टिकला.

आता या रेघांचं करायचं काय? त्यांनी शिकार होत नाही, ऊब मिळत नाही. तू म्हणशील, बसल्या बसल्या कुणीतरी ओरखडे काढले. मीही तिथूनच सुरुवात करतो. जावामध्ये त्रिनिल इथे युजीन द्युब्वा यांनी १८९१ साली होमो इरेक्टसचे, म्हणजे आपल्या आधीच्या एका मानवजातीचे, अवशेष शोधले, आणि त्यांच्यासोबत शिंपलेही गोळा केले. ते शिंपले नेदरलँड्समध्ये शंभराहून अधिक वर्षं पडून होते. अलीकडे कुणाच्या तरी लक्षात आलं की एकावर नागमोडी रेघ मुद्दाम कोरलेली आहे. जवळपास पाच लाख वर्षांपूर्वीची! म्हणजे रेघ ओढणारा हात आपल्या जातीच्याही आधीचा. याचं मूळ डोळ्यात असावं असं मला वाटतं. हबेल आणि वीझल या मेंदूशास्त्रज्ञांनी १९५९ पासूनच्या प्रयोगांत दाखवलं की मांजराच्या दृष्टिमेंदूतल्या काही पेशी ठरावीक दिशेच्या रेघेलाच प्रतिसाद देतात. पुढे त्यांना नोबेल मिळालं. आडवी, उभी, तिरकी रेघ टिपायची सोय जन्मजातच असेल, तर रेघ दिसली की बरं वाटणं हे उत्क्रांतीनेच दिलेलं म्हणायला हरकत नाही.

पण त्रिनिलचा शिंपला एकटा आहे. त्याच्यासारखा दुसरा तिथे सापडलेला नाही, आणि माझ्या लेखी खरा फरक इथे पडतो. दक्षिण आफ्रिकेतल्या डीपक्लूफच्या गुहेत साठ हजार वर्षांपूर्वीच्या शहामृगाच्या कवचांचे शेकडो कोरलेले तुकडे मिळाले. पाणी भरून ठेवायची भांडी असावीत ती. एका अंड्यात लिटरभर पाणी सहज मावतं. आणि नक्षीचे प्रकार किती? मोजकेच. समांतर रेघा, त्यांच्यामध्ये आडव्या रेघांची शिडी, पुन्हा तेच, पिढ्यान् पिढ्या. एकाने काढलेली रेघ दुसऱ्याने तशीच काढली, कारण ती ‘आपली’ होती. रेघ फार जुनी असेल, पण तिचा रिवाज व्हायला आपल्यासारखी माणसं यावी लागली.

रिवाजाचा पोटाशी संबंध काय, हा तुझा मुद्दा. त्यासाठी मण्यांकडे ये. कवचाचे बारीक तुकडे करायचे, अणकुचीदार दगडाने प्रत्येकाला भोक पाडायचं, दोरीत ओवायचे आणि कडा खरखरीत दगडावर घासत बसायचं, सगळे एकसारखे गोल होईपर्यंत. इतकी मेहनत कशासाठी? दक्षिण आफ्रिका खंडातल्या कालाहारी वाळवंटातले जुहोआन्सी हे शिकार आणि कंदमुळांवर जगणारे लोक आजच्या काळापर्यंत असे मणी करत आले. मानववंशशास्त्रज्ञ पॉली वीस्नर यांनी त्यांच्यात अनेक वर्षं काम केलं. मण्यांच्या माळा शंभर-दोनशे किलोमीटरवरच्या सोयऱ्यांना भेट द्यायच्या, आणि परतफेड लगेच करायची नाही. आपल्या घरच्या आहेराच्या वहीसारखंच ते: हिशेब असतो, पण तो चटकन मिटवणं म्हणजे नातं मिटवणं. मग ज्या वर्षी आपल्याकडे पाऊस दगा देतो, त्या वर्षी त्या सोयऱ्याच्या मुलखात जाऊन राहता येतं. त्याचं पाणी, त्याची कंदमुळं आपलीही होतात. चिंपांझीला हे जमत नाही. शेजारच्या टोळीशी त्याचं बहुतेक वेळा वैरच असतं.

अविनाश, मला हे विलक्षण वाटतं. माळ गळ्यात आहे आणि माणूस दहा दिवसांच्या वाटेवर. तो जिवंत आहे, आपल्याला ओळखतो, वेळ आली तर जागा देईल, हे सगळं मनात धरून ठेवायचं. कल्पनाशक्तीचं पहिलं मोठं काम परी किंवा राक्षस रचणं नसावं. समोर नसलेल्या माणसावर विश्वास ठेवणं असावं. देव, पूर्वज, गोष्टीतली पात्रं याच वाटेने मागाहून आली असतील. असं माझं मत आहे, आणि ते मी सहज सोडणार नाही.

याला पुरावाही बऱ्यापैकी आहे. जेनिफर मिलर आणि यीमिंग वांग यांनी २०२१ साली आफ्रिकेतल्या एकतीस ठिकाणचे दीड हजारांवर मणी मोजले. पन्नास ते तेहतीस हजार वर्षांपूर्वीच्या काळात पूर्व आणि दक्षिण आफ्रिकेतले मणी घडणीने जवळजवळ सारखे, मधलं अंतर तीन हजार किलोमीटर! माणसांचा एकमेकांशी संपर्क असल्याशिवाय हे कसं होईल? पुढे पाऊसमान बदललं, झांबेझीच्या खोऱ्यात पूर वाढले आणि हे साम्य तुटलं.

वीस्नर यांनी जुहोआन्सींचं बोलणंही टिपून ठेवलं होतं. दिवसा शिकार, वाटणी, तक्रारी. गोष्टी फक्त सहा टक्के. रात्री शेकोटीपाशी मात्र एक्याऐंशी टक्के बोलणं गोष्टींचं, आणि त्यातल्या कितीतरी दूरच्या माणसांच्या. मणी देणं आणि गोष्ट सांगणं ही मला एकाच कामाची दोन रूपं वाटतात. विस्तव ताब्यात आला तेव्हा दिवस लांबला; त्या वाढीव वेळात अन्न शोधता येत नव्हतं, माणसं मात्र जोडता येत होती.

पाटण्याच्या त्या नक्षीचा अर्थ काय होता, हे कुणालाच सांगता येणार नाही. माझ्यापुरतं मी एवढंच धरतो की ती कोरणाऱ्याने आधी कुणाच्या तरी हातात तशीच पाहिली होती. गंमत अशी, की याच पाटण्यात १२०७ सालचा शिलालेख आहे: भास्कराचार्यांच्या नातवाने, चांगदेवाने, आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी तिथे मठ स्थापन केला, त्याची नोंद. एकाच गावात पंचवीस हजार वर्षांपूर्वीची जाळी आणि लीलावतीचा अभ्यास. आणि आपण शाळेच्या सहलीत तिथे डबे खाऊन परत आलो, कुणी सांगितलंसुद्धा नाही!

डिसेंबरात ये. गौताळ्याचं जंगल तेव्हा सुंदर असतं. चाळीसगाव स्टेशनवर मी घ्यायला येतो.

आणि एक काम. फिलिपिन्समधल्या आग्ता लोकांवरचा २०१७चा एक निबंध सोबत पाठवतोय. सोबत राहायला कोण हवं असं विचारल्यावर त्यांनी चांगल्या शिकाऱ्यापेक्षा चांगला गोष्ट सांगणारा जास्त पसंत केला. जिथे असे लोक जास्त, त्या वस्त्यांत सहकार्यही जास्त, आणि गोष्ट सांगणाऱ्यांना हयात मुलंही सरासरीने अधिक. माझ्या बाजूचा याहून थेट पुरावा मला माहीत नाही. म्हणूनच तो तुझ्याकडून तपासून हवाय, संख्याशास्त्र तुझं. गोष्टींमुळे मुलं जास्त, की ज्यांचं आधीच बरं चाललंय त्यांनाच गोष्टी सांगायला सवड? आकडे बघ आणि पटलं नाही तर तसं स्पष्ट लिही.

वहिनींना नमस्कार, मुलांना आशीर्वाद.

तुझा,
श्रीधर