रद्दीत जाणाऱ्या हिस्ट्रीशीट

मा. संपादक,
स.न.वि.वि.

माझी नात जळगावला विद्यापीठात समाजकार्य शिकते. दिवाळीला आली तेव्हा तिनं अमेरिकेतल्या एका पुरस्काराबद्दल सांगितलं. तिथल्या गुन्हेशास्त्रज्ञांची संघटना मागच्या तीन वर्षांत निघालेल्या, गुन्हेगारीवरच्या उत्तम संशोधनपर पुस्तकाला मायकेल हिंडलँग यांच्या नावानं तो देते. हिंडलँग १९८२ मध्ये तरुणपणीच गेले. पोलीस दफ्तरातला गुन्हा आणि लोकांनी सोसलेला गुन्हा यांत अंतर किती, हा त्यांच्या अभ्यासाचा विषय. (ते अंतर माझ्यासारख्या निवृत्त पोलिसाला विचारा. विहिरीवरची केबल गेली म्हणून आलेल्या किती शेतकऱ्यांना आम्ही 'अर्ज देऊन जा, बघू' म्हणत वाटेला लावलं, ते कुठल्याच रजिस्टरात नाही.)

मला धरून ठेवलं ते २००४ साली हा पुरस्कार मिळवणाऱ्या पुस्तकानं. लेखक जॉन लॉब आणि रॉबर्ट सॅम्पसन. बोस्टनकडच्या सुधारगृहांत गेलेल्या ५०० मुलांची माहिती ग्लूक या संशोधक पती-पत्नीनं १९४० च्या सुमारास गोळा करायला घेतली होती. ते कागद पुढे हार्वर्डच्या कायदा ग्रंथालयाच्या तळघरात खोक्यांत पडून राहिले. या दोघांनी ते बाहेर काढले, आणि सत्तरीला टेकलेल्या त्यातल्या ५२ जणांना शोधून बोलतं केलं. कुणाला लग्नानं, कुणाला पक्क्या कामानं, कुणाला लष्करानं वळण लावलं होतं.

सातपुड्याच्या पायथ्याच्या एका ठाण्यात माझी बरीच नोकरी झाली. केळीच्या बागांतली केबल तोडून तांबं विकणारा एक पोरगा आमच्याकडे होता. विशीच्या आत त्याची हिस्ट्रीशीट, म्हणजे सराईत गुन्हेगारावर ठाणं ठेवतं ती नोंद, उघडली. पोळा, गणपती, निवडणूक, काहीही आलं की त्याला आणून बसवायचं. पुढे लग्न झालं, केळी कापणाऱ्या टोळीत लागला, मग टोळीचा मुकादम झाला. एकदा मी न्यायला गेलो, तर ओट्यावरूनच म्हणाला, "भाऊसाहेब, मनी पोर आते शायमा जास. मी ते काम सोडी दिन्हं." (मुलगी आता शाळेत जाते, ते काम सोडून दिलं.) मी चहा पिऊन तसाच परतलो. शीटमध्ये लिहिलं, 'चेक केला असता घरी मिळून आला.' दुसरं लिहिणार काय? चोरी केली ते लिहायला रकाने भरपूर, चोरी सोडली ते लिहायला एकही नव्हता.

मुदत संपली की जुन्या दफ्तराचं निंदणीकरण होतं, म्हणजे नको ते कागद निवडून नष्ट करतात. मी स्वतः गाठोडी बांधून दिली आहेत. त्यात त्या मुकादमाची शीट होती का, ते तेव्हा पाहिलं नाही, याची आता चुटपूट लागते.

गृहखात्याला माझं एवढंच म्हणणं आहे : नष्ट करण्याआधी अशा शीट नावं झाकून विद्यापीठाकडे अभ्यासाला द्या. पोरं हुशार आहेत, नुसत्या प्रश्नावल्या भरून प्रबंध लिहिण्यापेक्षा त्यांच्या हाती काही ठोस लागेल. आणि ज्या माणसाची बोलायची तयारी असेल त्याच्यापर्यंत न्यायला कुणी हवं असेल, तर आमच्यासारखे निवृत्त लोक अमळनेर-चोपड्याला पारावर बसूनच आहेत. कोणाचं घर कुठल्या गल्लीत, कोण आता कोणत्या टोळीत, आम्हाला अजून पाठ आहे.

आपला,
एक निवृत्त सहायक फौजदार
अमळनेर, जि. जळगाव