मयासुराची विहीर

मुरूड, ता. दापोली

चि. बायस अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझ्या गेमसाठी काळ उलटा फिरवणारा, शहरं बांधणारा कारागीर हवाय आणि तो माणूस म्हणून कसा असेल ते सुचत नाहीये, असं तू फोनवर म्हणालीस. तेव्हापासून माझ्या डोक्यात एकच नाव घोळतंय: मयासुर. एवढं सगळं फोनवर बोलून झालं नसतं, म्हणून लिहायला बसले.

मयसभा तुला ठाऊक आहेच. खांडववन पेटलं तेव्हा अर्जुनाने जीवदान दिलं, त्याची फेड म्हणून मयाने १४ महिने खपून पांडवांना ती सभा बांधून दिली. त्यात मी रेंगाळत नाही.

त्याचं अचाट काम म्हणजे त्रिपुर. तारकासुराच्या तीन मुलांसाठी सोन्याचं, रुप्याचं आणि लोखंडाचं अशी तीन नगरं. ती हजार वर्षांनी एकदाच एकत्र येणार आणि तेव्हा एकाच बाणाने तिन्ही पाडील त्याच्याच हातून पडणार, असा वर होता. त्या नगरांची खरी तटबंदी म्हणजे ती हजार वर्षं! कार्तिकी पौर्णिमेला देवळात आपण त्रिपूर पाजळतो तो शंकराने ही नगरं जाळली म्हणून. दीपमाळेवर पणत्या लावताना लहानपणी तू विचारायचीस, ज्याने नगरं बांधली त्याचं पुढे काय झालं?

भागवताच्या सातव्या स्कंधात त्याचा एक प्रसंग आहे, तो मला फार जवळचा वाटतो. लढाईत असुर पडले की मय त्यांना उचलून आणायचा आणि त्याने केलेल्या अमृतरसाच्या विहिरीत टाकायचा. ते ढग फोडणाऱ्या विजेसारखे उठून उभे राहायचे. गेलेली वेळ परत आणणं याहून वेगळं काय असतं गो? शंकरसुद्धा खिन्न झाला. मग विष्णू गाय झाला, ब्रह्मदेव वासरू झाला, आणि दोघांनी विहीर पिऊन कोरडी केली. राखणदार बघत होते, पण भुलले, अडवलं नाही कुणी.

आता मय काय करतो ते बघ. राखणदार रडतायत आणि हा, ज्याचं सगळं गेलं तो, हसून त्यांची समजूत घालतो. देव असो, असुर असो, माणूस असो, दैवाने जे नेमलं ते कुणालाच टाळता येत नाही, म्हणतो. आदळआपट नाही, शाप नाही. तुझ्या पात्राला हवी तेवढी यंत्रं दे, पण ही घडी मात्र दे. तिच्यावाचून तो नुसता जादूगार होईल.

दुसरी गोष्ट सूर्यसिद्धान्ताची, म्हणजे ग्रहगणिताच्या जुन्या संस्कृत ग्रंथाची. कृतयुगाच्या शेवटी मयाने तप करून सूर्याकडे ग्रहगतीचं, काळाचं ज्ञान मागितलं. सूर्य म्हणाला, माझं तेज कुणाला सोसवत नाही आणि सांगत बसायला मला क्षणभर सवड नाही. मग त्याने आपल्या अंशातला एक पुरुष पाठवला. ग्रंथ रचला माणसांनीच, पण एवढी विद्या त्यांनी असुराच्या ओंजळीत घातली, याचं मला फार अप्रूप आहे. त्यातलं वर्ष ३६५ दिवस, ६ तास, १२ मिनिटं, ३६ सेकंदांचं. आजच्या नाक्षत्र वर्षाहून, म्हणजे ताऱ्यांच्या संदर्भाने सूर्याची एक फेरी पुरी व्हायला लागणाऱ्या वेळाहून, जेमतेम साडेतीन मिनिटं जास्त! आपल्या मुरूडात १८५३ साली जन्मलेल्या शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी भारतीय ज्योतिषाचा इतिहास मराठीत लिहिला, १८९६ साली. त्यात या सिद्धान्ताची चर्चा आहे. तुझ्या कॉलेजच्या ग्रंथालयात बघ.

घटिकापात्रही त्याच ग्रंथात आहे. आजोबा लग्नात मांडायचे ते. घंगाळात स्वच्छ पाणी, त्यावर तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी, हळदकुंकू लावलेली. पाणी आत चढत जायचं, काठ पाण्याला टेकला की डुबुक करून वाटी तळाशी. एक घटका झाली, २४ मिनिटं. अहोरात्रात अशी ६० वेळा बुडते, असं सूर्यसिद्धान्त सांगतो. ते पात्र माळ्यावर आहे, तू आलीस की काढू. तुझ्या कारागिराच्या हातात शोभेल.

आणि हो, विहीर कोरडी पडल्यावर तुझा कारागीर राखणदारांना काय म्हणतो, ते आधी लिही आणि मला पाठव. चित्रं नंतर काढ.

तुझी आई