नाव माहीत होतं, मग कोरलं का नाही?

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

मागच्या रविवारी आपल्या पेपरात खडकीच्या वॉर सिमेट्रीचा फोटो आला होता, हिरवंगार लॉन, पांढऱ्या दगडांच्या ओळी आणि खाली दोन ओळींची कॅप्शन. फोटो छानच होता, पण तो बघितल्यापासून एक गोष्ट डोक्यातून जात नाहीये म्हणून लिहायला बसलोय, पत्र जरा लांबलं तर सांभाळून घ्या.

होळकर पुलाजवळची ही जागा पुण्यातल्या लाखो लोकांनी रस्त्यावरून जाताना बघितलेली असेल, पण आत पाय ठेवलेले फार थोडे. आत दुसऱ्या महायुद्धातल्या 1,668 जणांच्या कबरी आहेत. पश्चिम आणि मध्य भारतात ठिकठिकाणी पुरलेले हे लोक, तिथं कबरींची कायम देखभाल होईल याची खात्री नव्हती म्हणून त्यांना इथं आणून एकत्र जागा दिली. पहिल्या महायुद्धाचंही एक स्मारक तिथंच आहे, त्या काळात भारतात वारलेल्या 1,800 हून जास्त जणांचं, ज्यांच्या कबरी भारत-पाकिस्तानातल्या जुन्या कॅन्टोन्मेंटच्या स्मशानांत होत्या आणि सांभाळणं शक्य राहिलं नाही. म्हणजे कबर राखता येत नाही ना, मग निदान नाव तरी दगडावर राहू दे, असा विचार.

एकदा एखाद्या दगडासमोर वाकून बघा. वर पलटणीचं चिन्ह, मग नंबर, हुद्दा, नाव, तारीख, वय. कुठं 19, कुठं 22. काही दगडांवर खाली घरच्यांनी लिहून पाठवलेली एखादी ओळ. आणि सगळे दगड एकाच मापाचे, 2 फूट 8 इंच उंच आणि 1 फूट 3 इंच रुंद, मग तो कर्नल असो नाहीतर साधा शिपाई.

हे असं कायमच नव्हतं हो. जगभर कित्येक शतकं साध्या शिपायाला लढाईनंतर खड्ड्यात लोटत, छत्री आणि समाधी सरदारांची. आपल्याकडे गावानं तरी लढून पडलेल्या माणसाला दगड दिला, वीरगळ. खालच्या चौकटीत लढाई किंवा पळवलेल्या गाई, मधे अप्सरा त्याला वर घेऊन चालल्यात, सगळ्यात वर तो शिवलिंगाची पूजा करतोय आणि डोक्यावर चंद्र-सूर्य. बहुतेक वीरगळांवर नाव नसतंच, कारण तो कुणाचा कोण हे गावाला माहीत असायचं, पण मला वाटतं तीन-चार पिढ्यांनी ते नावही गेलं आणि उरला तो शेंदूर फासलेला दगड.

सरकारनं स्वतः खर्च करून साध्या शिपायाच्या कबरीची जबाबदारी घ्यायची हे मोठ्या प्रमाणावर पहिल्यांदा अमेरिकेत झालं, त्यांच्या यादवी युद्धात. 17 जुलै 1862 ला कायदा झाला आणि राष्ट्रीय दफनभूमी सुरू झाल्या, 1864 मधे आर्लिंग्टनची, तीसुद्धा शत्रूपक्षाचा सेनापती रॉबर्ट ली याच्या घरच्या इस्टेटीवर. मला जास्त मोलाचं वाटतं ते 1873 मधलं पाऊल, युद्धातून जिवंत परत आलेल्या आणि सन्मानानं रिटायर झालेल्या युनियनच्या, म्हणजे सरकारी बाजूच्या, सैनिकांनाही तिथं जागा मिळू लागली. म्हणजे म्हातारपणी घरच्या खाटेवर गेलेला फौजीसुद्धा देशाचाच माणूस. पण तिथंही काळ्या सैनिकांना वेगळा कोपरा, 1948 पर्यंत, एवढंही लिहायलाच पाहिजे.

युद्धात मेलेल्यांच्या कबरी आणि स्मारकं सांभाळणारं ब्रिटिशांचं कमिशन आलं 1917 साली. फेबियन वेअर नावाचा माणूस, 1914 मधे रेडक्रॉसच्या गाड्यांच्या पथकावर फ्रान्सला गेलेला, तिथं त्यानं बघितलं की कबरींची कुणी नोंदच ठेवत नाहीये, आणि त्यानं ती ठेवायला सुरुवात केली. त्यातून पुढं हे सगळं उभं राहिलं. नियम असा ठरला की मेलेल्या प्रत्येकाचं नाव दगडावर किंवा स्मारकावर येणार, आणि हुद्दा, जात, धर्म यावरून फरक करायचा नाही. नियम सोन्यासारखा आहे आणि खडकीत तो पाळलेला डोळ्यांनी दिसतो. म्हणून तर पुढची गोष्ट जास्त लागते.

आमचं मूळ गाव सातारा जिल्ह्यातलं. माझ्या आजीचे वडील पहिल्या महायुद्धात 'बसऱ्याला' गेले, आमच्याकडे मेसोपोटेमिया (आताचा इराक) कुणी म्हणत नाही, बसरा म्हणतात. ते परत आले नाहीत, आजी तेव्हा पाळण्यात होती. आजीच्या देवघरात टाकाच्या शेजारी एक काशाची जाड गोल थाळी असायची, तळहातापेक्षा थोडी मोठी. तिच्यावर एक उभी बाई, हातात त्रिशूळ, शेजारी सिंह. आजी तिला भवानी समजून रोज हळदकुंकू वाहायची, सत्तर वर्षं वाहिलं. ती गेल्यावर मी थाळी धुतली तेव्हा बाईशेजारी चौकटीत इंग्रजी अक्षरं निघाली, आजीच्या वडलांचं नाव आणि त्यांच्या वडलांचं नाव, स्पेलिंग जरा वाकडं पण नाव तेच. कडेनं गोल इंग्रजीत लिहिलंय की हा स्वातंत्र्य आणि सन्मानासाठी मेला. ती बाई म्हणजे ब्रिटानिया, ब्रिटनचं प्रतीक. अशा थाळ्या ब्रिटिश सरकारनं त्या युद्धातल्या मेलेल्यांच्या घरोघरी पाठवल्या होत्या, 13 लाखांच्या वर. त्यावर मुद्दाम हुद्दा घातला नाही, का तर सगळ्यांचा त्याग सारखा.

मग मी नाव शोधायला लागलो. खडकीत मिळणार नव्हतंच, पण बसऱ्याला मोठं स्मारक आहे असं कळलं. 1929 साली उघडलेलं, मेसोपोटेमियात मेलेल्या आणि कबरीचा पत्ता नसलेल्या 40 हजारांहून जास्त लोकांचं. 1997 मधे सद्दाम हुसेनच्या हुकमानं ते जागचं उचलून नासिरियाच्या रस्त्यावर 32 किलोमीटर लांब नेलं. त्या भिंतींवर गोऱ्या शिपायांची नावं आहेत. आपल्या लोकांत नावं फक्त अधिकाऱ्यांची, सुभेदार-जमादारांची, आणि शिपायांच्या जागी आकडा. अमुक सुभेदार आणि इतके इतर हिंदी सैनिक. तेहतीस हजारांच्या वर माणसं अशी आकड्यात गेलीत. ब्रिटिश जनरल टाउनशेंडच्या हाताखाली मेसोपोटेमियातल्या कुत गावाच्या वेढ्यात अडकलेली आणि 29 एप्रिल 1916 ला शरण गेलेली ती 6 वी पूना डिव्हिजन, नावातच पुणं आहे, तिच्यात मराठा पलटणी होत्या. त्यातल्या 117 मराठा पलटणीला तर मेसोपोटेमियातल्या कामगिरीबद्दल नंतर 'रॉयल' किताब मिळाला. पलटणीला किताब मिळाला आणि तिच्या शिपायाला भिंतीवर स्वतःचं नाव नाही, हे मला कितीही वेळा वाचलं तरी गिळवत नाही.

आणि नावं कोरणं जमत नव्हतं म्हणावं तर फ्रान्समधे न्यूव शापेलला 1927 साली उघडलेलं भारतीयांचं स्मारक बघा, वर कमळ असलेला उंच स्तंभ, गोल आवार, आणि भिंतीवर 4,700 च्या वर भारतीयांची नावं, त्यात शिपाईसुद्धा आहेत. म्हणजे युरोपात, जिथं जग बघायला येणार होतं तिथं नावं कोरली आणि इराकच्या वाळवंटात आकडा पुरला.

2021 च्या एप्रिलमधे कमिशननं स्वतःच्याच चौकशीचा अहवाल काढला. त्यात कबुली आहे की पहिल्या महायुद्धातल्या 45 ते 54 हजार लोकांना, मुख्यतः भारतीय आणि आफ्रिकी, बरोबरीची वागणूक मिळाली नाही, आणि आणखी किमान 1,16,000 लोक असे आहेत, कदाचित साडेतीन लाखांपर्यंत, ज्यांची नावानं नोंदच झाली नाही किंवा मुळात काहीच आठवण ठेवली गेली नाही. त्या काळचे साहेब लिहून गेलेत की नेटिव्ह लोकांना कबरीच्या दगडाचं काही महत्त्व कळणार नाही. ब्रिटनच्या संरक्षणमंत्र्यांनी पार्लमेंटमधे माफी मागितली. माफी मागितली हे चांगलंच केलं, मी त्याला नावं ठेवणार नाही. पण माझ्या आजीला दगडाचं महत्त्व कळलं नसतं असं कुणी म्हणू नये, जिनं वडलांचा चेहराही पाहिला नव्हता आणि सरकारनं पाठवलेल्या धातूच्या तुकड्याची आयुष्यभर पूजा केली. शिवाय ती थाळी आमच्या गावापर्यंत, आमच्या उंबऱ्यापर्यंत बरोबर पोचली होती की, म्हणजे नाव माहीत होतं, बापाचं नाव माहीत होतं, पत्ता माहीत होता.

आता यात आपल्याकडूनही काही व्हायला पाहिजे. साताऱ्याजवळचं अपशिंगे मिलिटरी सगळ्यांना माहीत आहे, पहिल्या महायुद्धात त्या एका गावची 46 माणसं गेली आणि तिथं स्मारक आहे. पण घाटावर आणि कोकणात कितीतरी गावांत चावडीच्या, शाळेच्या भिंतीत एक लहान पाटी असते, या गावातून इतके जण महायुद्धाला गेले, त्यातले इतके कामी आले. तिथंही आकडाच! आमच्या गावच्या पाटीवर तर तीनदा ऑइलपेंट बसलाय, आकडाही बोटानं चाचपून वाचावा लागतो. खलाशांचं तर कुणी नावच काढत नाही, पहिल्या युद्धात समुद्रात गेलेल्या दोन हजारांवर खलाशांचं स्मारक मुंबईत मशीद बंदरच्या सेलर्स होममधे आहे, रोज त्या रस्त्यानं जाणाऱ्यांना विचारून बघा.

लाहोरच्या म्युझियममधे पंजाबच्या 3,20,000 सैनिकांची जुनी गाववार रजिस्टरं होती, ती अलीकडे ऑनलाइन यायला लागली आणि इंग्लंडमधल्या पंजाबी घरांत लोकांना आपले पणजोबा सापडायला लागले. सातारा, रत्नागिरी, कुलाबा (आताचं रायगड), अहमदनगर (आताचं अहिल्यानगर) इथल्या लोकांसाठी असं काम कुणीतरी हातात घ्यावं असं मला मनापासून वाटतं. पेन्शनचे जुने कागद, रेकॉर्ड रूममधली गाठोडी, कमिशनची रजिस्टरं, काही नावं तर कमिशनच्या वेबसाइटवरही मिळतात, पण पलटणीचा नंबर माहीत नसला की एकाच नावाचे डझनभर लोक निघतात आणि माणूस तिथंच अडकतो. मी तिथंच अडकलोय. थाळीवर पलटण लिहिलेली नाही.

तर माझी विनंती एवढीच आहे की आपल्या पेपरनं वाचकांना एक आवाहन करावं. ज्यांच्या घरात अशी गोल थाळी आहे, कदाचित देवघरात असेल, माळ्यावर असेल, कुणी त्यावर गंध उगाळत असेल, त्यांनी ती धुऊन बघावी आणि नावाचा फोटो पाठवावा, गावाच्या नावासकट. गावची पाटी असेल तर तिचाही. मोडीत मात्र घालू नका, फार घरांतून गेल्यात त्या. जमतील तेवढी नावं आपण छापा, रविवारी अर्धा कॉलम दिलात तरी चालेल, आणि पुढं तीच यादी कमिशनकडं पाठवता येईल, कारण राहिलेली नावं शोधून लावायचं काम त्यांनी अहवालानंतर अंगावर घेतलंय.

आमच्या थाळीचा फोटो सोबत जोडलाय. अक्षरांच्या खाचेत अजून थोडं कुंकू आहे, ते काही निघत नाही, पण नाव वाचता येतं.

आपला,
एक वाचक, खडकी, पुणे