तिच्या कामाचा एकही कागद नव्हता

मा. संपादक,
स. न. वि. वि.

तीन वर्षांपूर्वी पोलिसांनी माझा जबाब घेतला तेव्हा मयताच्या व्यवसायापुढे ‘घरकाम’ लिहिलं आणि मी खाली सही केली. काय लिहिलंय ते वाचण्याची माझी अवस्था नव्हती. माझी बायको संध्याकाळचं दूध घालायला डेअरीवर निघाली होती. मागून आलेल्या पिकअपने तिला उडवलं. कॅन पुढं चारीत सापडला, झाकण घट्ट बसलेलं, आत दूध तसंच.

आमच्या चार जर्सी गायी होत्या. पहाटे साडेचारला उठून शेणघाण, धारा, वैरणपाणी, संध्याकाळी परत तेच. मधल्या वेळात स्वयंपाक, दोन मुलं, माझी आई आणि डाळिंबात खुरपणी. ती गेल्यावर सहा महिन्यांच्या आत मला दोन गायी विकाव्या लागल्या, कारण एवढं काम एकट्याच्यानं होईना. पण डेअरीचं कार्ड माझ्या नावावर, दर दहा दिवसांचं बिल माझ्या खात्यावर, सातबाराही माझाच. भरपाईसाठी मी मोटार अपघात न्यायाधिकरणात दावा केला, तिथं विमा कंपनीच्या वकिलांनी उलटतपासात विचारलं, ती कमवत होती याचा एखादा कागद आहे का? मी नाही म्हणालो. खोटं कसं बोलणार?

न्यायाधिकरणानं तिचं उत्पन्न महिना 6,000 रुपये धरलं. आमच्या भागात खुरपणीला येणारी बाई दिवसाला 300 रुपये घेते.

पुढचा हिशेब आमच्या वकिलांनी निकालाच्या पाठकोऱ्या पानावर मांडून दाखवला. वर्षाचे 72,000. पक्की नोकरी नसलेली व्यक्ती चाळिशीच्या आतली असेल तर भविष्यातल्या वाढीचे 40 टक्के मिळवायचे, हे सर्वोच्च न्यायालयानं 2017 मध्ये प्रणय सेठी खटल्यात ठरवलं. झाले 1,00,800. अवलंबून असणारे आम्ही चौघं, म्हणून तिच्या स्वतःच्या खर्चाचा चौथा हिस्सा वजा. राहिले 75,600. (वर्षाला पंचवीस हजार ती स्वतःवर कधी खर्च करत होती, हे मला अजून आठवत नाही.) मग वयाप्रमाणे गुणक, म्हणजे ही रक्कम जितक्या पटीनं गुणायची तो आकडा. 2009 च्या सरला वर्मा निकालातल्या तक्त्यात 31 ते 35 वयाला 16 आहे. एकूण 12,09,600. सहवास गमावल्याचे, अंत्यविधीचे ठरावीक आकडे त्यावर वेगळे.

या गुणकासाठीसुद्धा आम्हाला धावावं लागलं. आधारवर तिची जन्मतारीख अंदाजानं 1 जानेवारी टाकलेली आणि वय दोन वर्षं जास्त. त्या हिशेबानं ती 36 ची होत होती, म्हणजे गुणक 15 आणि रक्कम 75,600 नं कमी. मी तिच्या माहेरच्या जिल्हा परिषद शाळेतून दाखला आणला, त्यावर 34 निघालं. जन्मतारखेसाठी आधारपेक्षा शाळा सोडल्याचा दाखला धरावा, असा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल ऑक्टोबर 2024 मध्ये आला, त्याचा आम्हाला उपयोग झाला.

वाढ, वजावट, गुणक हे सगळं बांधून दिलेलं आहे, त्याबद्दल माझी तक्रार नाही. मोकळा राहतो तो पहिला आकडा, महिन्याचं उत्पन्न. तो हजार रुपयांनी हलला की शेवटी 2,01,600 रुपयांचा फरक पडतो. पगारी माणसाला तो आकडा पगारपत्रक देतं. गोठ्यात आणि रानात राबणाऱ्या बाईचा मात्र अंदाजावर जातो.

आणि अंदाज कसा बांधायचा हेही वरच्या कोर्टानं सांगितलेलं आहे. जानेवारी 2021 मध्ये कीर्ती खटल्यात न्यायालयानं सरकारी पाहणीचा दाखला दिला, की बाई घरच्या बिनपगारी कामात दिवसाला 299 मिनिटं घालवते आणि पुरुष 97. फेब्रुवारी 2024 मध्ये तर स्पष्ट म्हटलं, की गृहिणीचं उत्पन्न किमान वेतन कायद्याखालच्या रोजंदारी मजुरापेक्षा कमी धरता येणार नाही. तरीही 6,000 कसे येतात? आमचं अपील दाखल आहे, म्हणून त्यावर जास्त लिहीत नाही.

माझी मागणी एवढीच आहे. किमान वेतनाच्या खाली न्यायाधिकरणानं जाऊच नये, आणि गेलंच तर निकालात कारण लिहावं. पोलिसांनी जबाबात नुसतं ‘घरकाम’ न लिहिता ती बाई काय काय करत होती ते विचारून लिहावं: किती जनावरं, किती रान, कुणाचं दुखणं-खुपणं. आणि घरच्यांनी दिवसकार्यात गुंतून राहू नये. 1 एप्रिल 2022 पासून दाव्याला अपघातापासून सहा महिन्यांची मुदत आहे, ती आम्ही जेमतेम गाठली.

गेल्या महिन्यात मी भावजयीच्या नावानं डेअरीत खातं काढायला गेलो. दूध एकाच गोठ्यातलं, मग दुसरं कार्ड कशाला, असं सचिव म्हणाले. मी पिशवीतून निकालाची प्रत काढून त्यांच्यापुढे ठेवली. त्यांनी उत्पन्नाचा परिच्छेद दोनदा वाचला आणि फॉर्म दिला.

– एक दूध उत्पादक शेतकरी, ता. सांगोला, जि. सोलापूर
(अपील चालू असल्यानं नाव छापू नये, ही विनंती.)