झाकणाच्या आतला कागद

आदरणीय दादा,

नाव लिहू नका म्हणालात, म्हणून लिहीत नाही. पण आभार मनातच ठेवणं जमेना.

आमच्या सीएनसी राउटरचा, म्हणजे लाकूड कोरणाऱ्या संगणकी मशीनचा, जुना स्क्रीन दुसऱ्या कुणी करून दिला होता. त्यात बाणाचं बटण म्हणजे 'जी1'ची, 10 मिमी सरकण्याच्या हुकमाची, एक ओळ. बटण दाबून धरलं की अशा ओळी ग्रबलच्या (मशीन चालवणाऱ्या बोर्डातल्या प्रोग्रॅमच्या) बफरमध्ये, म्हणजे रांगेत, साठायच्या आणि बोट उचललं तरी मशीन त्या संपवूनच थांबायचं. सागवानी पॅटर्नमध्ये (ओतकामाच्या साच्यासाठीच्या नमुन्यात) कापणारं बिट घुसायचं, नाहीतर मोडायचं. तक्रार केली की एकच उत्तर, "हात सांभाळून चालवा." वर कोडला पासवर्ड!

तुम्ही दुखणं नेमकं धरलंत. बाण दाबला की 'डॉलर-जे'चा एकच लांब जॉग, म्हणजे हातानं मशीन सरकवण्याचा हुकूम. बोट उचललं की जॉग-कॅन्सलचा एक बाइट. तो रांगेत थांबत नाही. ग्रबल तो आल्या आल्या उचलतं, वेग उतरवतं आणि उरलेला जॉग टाकून देतं. तरी 3000च्या फीडला (मिनिटाला 3000 मिमी वेगाला) आणि 200 अ‍ॅक्सिलरेशनला (सेकंदाला 200 मिमी/सेकंद वेगबदलाला) थांबायला सव्वासहा मिमी लागणारच, म्हणून कामाजवळ जायला 300चं वेगळं बटण दिलंत. तिथे हेच अंतर मिलिमीटरचा सोळावा भाग.

स्पिंडल (बिट फिरवणारी मोटर) सुरू होताच येणाऱ्या 'अलार्म 1'साठी, म्हणजे टोकाचा लिमिट स्विच दाबल्याच्या खोट्या इशाऱ्यासाठी, तर कोडला हातही लावला नाहीत. लिमिट स्विचला शील्डेड वायर, शील्डला एकाच टोकाला अर्थ, पिन आणि ग्राउंडमध्ये 0.1 मायक्रोफॅरडचा कपॅसिटर. वायरिंगचा दोष कोडमध्ये न लपवणारी माणसं आम्ही फार पाहिली नाहीत.

पण मनात घर केलं ते त्या कागदानं. जाताना तुम्ही '$$'ची, म्हणजे ग्रबलच्या सेटिंगची, सगळी यादी हातानं लिहून कंट्रोल बॉक्सच्या झाकणाला आतून चिकटवलीत. $100 (एक्स अक्षावर एक मिमी सरकायला लागणाऱ्या स्टेप) समोर नुसता आकडा नाही, हिशेबही: मोटरच्या एका फेरीच्या 200 स्टेप गुणिले 8 मायक्रोस्टेप (एका स्टेपचे 8 भाग), भागिले 8 मिमी लीड (स्क्रूच्या एका फेरीत सरकणारं अंतर), बरोबर 200. उद्या 5 मिमी लीडचा स्क्रू बसवला तर 320 भरायचे, हे आता आमच्या हेल्परलाही कळतं. आपल्यावाचून कुणाचं अडू नये म्हणून इतकं कोण करतं, दादा?

परवा बोर्ड बदलला. कागद बघून आकडे ओळीनं भरले, होमिंग केलं (मशीनची शून्य जागा ठरवली), 100 मिमीची रेघ मारली. व्हर्नियरला 100.02 भरली.

आपले ऋणी,
उद्यमनगरातली पॅटर्नवाली मंडळी, कोल्हापूर