जिन्याच्या दाराचे कुलूप आणि वकीलताईंचे आभार

आदरणीय वकीलताई,
सप्रेम नमस्कार.

सदाशिव पेठेतल्या आमच्या वाड्याच्या जिन्याला गेल्या पावसाळ्यात ज्या सकाळी बाहेरून कुलूप लागले, त्या सकाळी मी दुधाची पिशवी घेऊन खाली उभी होते आणि वर माझी ऐंशी वर्षांची आई एकटी होती. शेजाऱ्यांनी मध्ये पडून कुलूप काढायला लावले. पण वाडा पुनर्विकासाला देता यावा म्हणून माझी हक्कसोडपत्रावर सही मागणारे माझे दोघे भाऊ कोणत्या थराला जातील, हे त्या दिवशी कळून चुकले. पोलीस चौकीत अदखलपात्र नोंद झाली आणि ‘हा दिवाणी वाद आहे, कोर्टात जा’ असे सांगून मला परत पाठवण्यात आले.

शिवाजीनगरच्या न्यायालयातील जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात गेल्यावर समजले, की १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ नुसार स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असले तरी, मोफत वकील मिळतो. माझ्यासाठी तुमची नेमणूक झाली. ‘फुकटचा वकील काय लक्ष देणार’ असे नातेवाईक म्हणत होते. हे पत्र जाहीरपणे लिहिण्याचे तेही एक कारण आहे. बाबा हिंदू उत्तराधिकार कायद्यात मुलींना मुलांइतका हक्क देणाऱ्या २००५ च्या दुरुस्तीआधी वारले म्हणून वडिलोपार्जित वाड्यात मुलीला हक्क नाही, हा भावांचा मुद्दा सर्वोच्च न्यायालयाच्या २०२० च्या निकालानंतर टिकत नाही, हे तुम्ही दोन मिनिटांत सांगितलेत.

खरा वेळ लागला तो संरक्षणाला. मला पहिल्याच दिवशी दाराशी पोलीस हवा होता. केवळ भीती वाटते म्हणून न्यायालय पोलीस देत नाही, आधी ताबा दाखवावा लागतो, निशाणी ५ च्या, म्हणजे दाव्यासोबत दिलेल्या तात्पुरत्या मनाईच्या, अर्जावर मनाई हुकूम घ्यावा लागतो आणि तो मोडला गेला तर पोलीस मदत मागता येते, हे तुम्ही न कंटाळता समजावलेत. वीजबिले, शिधापत्रिका, गॅसच्या पावत्या आणि चौकीत दिलेल्या प्रत्येक अर्जाची शिक्का मारलेली पोच तुम्ही तारखेप्रमाणे लावून घेतलीत. शपथपत्राच्या मसुद्यात मी थोरल्या भावाबद्दल ‘दारूच्या नशेत’ असे लिहिले होते. ‘तुम्ही स्वतः पाहिलंत का?’ असे तुम्ही विचारलेत. मी ते ऐकले होते, पाहिले नव्हते. तुम्ही त्या शब्दांवर आडवी रेघ मारलीत आणि मला, खरे सांगते, तुमचा राग आला.

मनाई हुकूम मिळाल्यावर आठच दिवसांत माणसे छपरावर चढून कौले उतरवू लागली. तुम्ही त्याच दिवशी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम २-अ खाली हुकूम मोडल्याचा अर्ज आणि कलम १५१ खाली पोलीस मदतीचा वेगळा अर्ज दिलात. हुकमाच्या अंमलबजावणीसाठी पोलिसांनी मदत करावी, असा आदेश झाला, तेव्हा प्रमाणित प्रत हाती पडेपर्यंत तुम्ही माझ्याबरोबर नक्कल विभागाबाहेर उभ्या राहिलात. दुसऱ्या दिवशी त्याच चौकीतले हवालदार आणि एक महिला शिपाई आले, त्यांनी चौकात उभे राहून आदेश वाचून दाखवला आणि छपरावरची माणसे एकेक करून खाली उतरली. आईने वरूनच हवालदारांना चहा विचारला.

वाटपाचा दावा अजून चालू आहे. मिळालेले संरक्षण ताब्यापुरते आहे, मालकीचा निर्णय त्याने होत नाही, याची मला जाणीव आहे. पण यंदा गौरी-गणपतीत थोरला भाऊ आईला भेटायला वर आला, तासभर बसला आणि जाताना मला ‘येतो’ म्हणाला. कागदोपत्री त्याच्याविषयी जे लिहिले गेले, ते त्यालाही नाकारता येणारे नव्हते. आज तो जिना चढू शकतो, ते तुम्ही मारलेल्या त्या रेघेमुळे, असे मी मनापासून मानते आणि त्यासाठी तुमचे आभार मानते. आईचे तुम्हाला अनेक आशीर्वाद.

आपली कृतज्ञ,
सदाशिव पेठेतील एक पक्षकार