मिक्तलान म्हणजे नरक नव्हे

मा. संपादक,
स. न.

रविवारच्या पुरवणीत मेक्सिकोतील जुन्या अ‍ॅझ्टेक लोकांच्या मिक्तलानला, म्हणजे मृतांच्या जगाला, ‘नरक’ म्हटले आहे, ते बरोबर नाही. नरकात पापी जातात. मिक्तलानला आजाराने किंवा म्हातारपणाने गेलेला कोणीही जाई, मग तो सरदार असो की शेतकरी. चार वर्षांची वाट, सुऱ्यांसारखा वारा आणि नदी ओलांडायला पिवळा कुत्रा. माणूस कसा जगला यापेक्षा कसा मेला, यावर त्याची वाट ठरे. बुडालेले, वीज पडून गेलेले पर्जन्यदेव त्लालोककडे जात.

आणि बाळंतपणात गेलेली बाई लढाईत पडलेल्या योद्ध्याच्या बरोबरीची! योद्धे सूर्याला माथ्यापर्यंत आणत, तिथून मावळतीपर्यंत या बायका त्याला नेत. 16व्या शतकात साहागुन या स्पॅनिश धर्मोपदेशकाने तिथल्याच जाणत्यांकडून हे टिपून घेतले.

मी 31 वर्षे प्रसूतिकक्षात परिचारिका होते. माझ्या हातांत गेलेल्या दोघींचे चेहरे अजून डोळ्यांसमोर येतात. बाहेर नातेवाईक ‘तिचं नशीब’ एवढेच बोलले होते. या बायकांबद्दल पुरवणीत एक ओळही नव्हती. कृपया ती छापावी.

– एक निवृत्त परिचारिका, सातारा